चादरीतलं थेटर

पारसभाऊंची फिल्म माझ्या कपाटात आहे. साड्यांच्या खालच्या कप्प्यात पेढ्यांचा एक रिकामा डबा आहे, त्यात जुन्या पायमोज्यात गुंडाळलेली हार्ड डिस्क आणि घडी घातलेला एक कागद. कागदावर त्यांच्या तिरक्या अक्षरात फिल्ममधल्या एकूण एक माणसांची नावं आहेत आणि प्रत्येक नावापुढं हिरव्या पेनानं बरोबरची खूण केलेली आहे. फक्त शेवटच्या नावापुढं खूण नाही. लोक मला रस्त्यात थांबवून विचारतात, "वैनी, ती बियाण्याची फिल्म तुमच्याकडं हाय म्हणे? मंग दाखवा की." मी म्हणते, परवानगी बाकी आहे. असं म्हटलं की मला माझाच राग येतो, कारण ह्याच तीन शब्दांवरून मी त्या माणसाशी बारा वर्षं भांडले.

पारसभाऊ आमच्या गल्लीच्या तोंडाशी राहायचे. घराणं मूळचं राजस्थानातलं, पण चार पिढ्या जालन्यात गेलेल्या. घरात मारवाडी आणि उंबऱ्याबाहेर आमच्यासारखीच मराठी. थोरल्या भावाचं बी-बियाण्याचं दुकान होतं. कॉलेज झाल्यावर वडिलांनी पारसभाऊंनाही तिथं बसवून पाहिलं. तर हे गिऱ्हाइकालाच विचारत बसायचे: मागच्या साली हेच नेलं होतं ना, उगवलं का, पीक कसं आलं, घरी कोण कोण राबतं? मागं रांग लागलेली आणि ह्यांच्या गप्पा चाललेल्या. सहा महिन्यांत भावानंच हात जोडले आणि म्हणाला, तू बाबा तुला काय करायचं ते कर, पण दुकानात येऊ नको. त्यांनी एक जुना कॅमेरा पैदा केला आणि पुढची सगळी हयात तो खांद्यावर टाकून जिल्हाभर फिरले. लग्न केलं नाही. लोकांची इतकी लग्नं जवळून बघितल्यावर कोण करील, असं माझे मिस्टर म्हणायचे. दोघं एका वर्गातले, म्हणून मी वैनी.

पोटापाण्यासाठी ते लग्नाची शूटिंग घ्यायचे आणि तिथंही स्वभाव जायचा नाही. अक्षता पडत असायच्या आणि ह्यांचा कॅमेरा मांडवामागं, पुऱ्या लाटणाऱ्या बायांवर. माझ्या नणंदेच्या लग्नाच्या कॅसेटमध्ये नवरदेवापेक्षा आचारी जास्त वेळ दिसतो. तिच्या सासरची मंडळी तणतणत आली, तेव्हा पारसभाऊ शांतपणे म्हणाले, "नवरदेव तर तुम्हाला रोजच दिसणार हाय. ह्या बाया पुन्हा दिसतील का?" मीही तेव्हा त्यांना बरंच बोलले होते. पण त्याच कॅसेटमध्ये एका कोपऱ्यात बसून माझ्या सासूबाई सुपारी कातरतायत, कातरता कातरता कोणाला तरी हसून काही सांगतायत. त्या गेल्या, त्यानंतर त्यांचं हलतं-बोलतं असं आमच्याकडं तेवढंच उरलं. मिस्टर ते दरवर्षी एकदा तरी लावतात. आचाऱ्यांबद्दल आम्ही आता काही बोलत नाही.

त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं: "बराबर हाय, पण पुरं न्हाई." माझ्या चहाला हेच, माझ्या सूत्रसंचालनाला हेच, मिस्टरांनी निवृत्तीच्या समारंभात केलेल्या भाषणालाही हेच. एकदा एका पुढाऱ्यानं त्यांना आपल्या विकासकामांची फिल्म करायला सांगितली. पाण्याची टाकी झाली होती, रंग दिला होता, पाटी लागली होती. पारसभाऊंनी टाकी घेतली, पाटी घेतली, उद्घाटनाचा नारळ घेतला आणि मग टाकीखालचा कोरडा नळ आणि त्याच्याखाली ठेवलेला रिकामा हंडा असा सव्वा मिनिट ठेवला. पुढाऱ्याच्या बंगल्यावर सगळ्यांनी मिळून तो सव्वा मिनिट बघितला.  पुन्हा त्यांना बोलावणं आलं नाही.

माझा त्यांच्या कामाशी संबंध आला तो आवाजापुरता. मी विमा कार्यालयात नोकरीला, पण गणपतीत, शाळांच्या संमेलनांत सूत्रसंचालन करायची. एक दिवस ते घरी आले आणि म्हणाले, "वैनी, तुमचा आवाज पाहिजे." त्यांच्या गच्चीवरच्या खोलीत चारी बाजूंनी गाद्या उभ्या केलेल्या, खिडकीला रजई, पंखा बंद, आणि माझ्या डोक्यावरून माईकसकट त्यांची ती निळ्या पट्ट्यांची सोलापुरी चादर. दिवस मे महिन्याचे. आत मी घामानं भिजून निवेदन वाचायची आणि बाहेरून ते ओरडायचे, "थांबा, टँकर आला!" शेजारच्या चार घरांत कुकर कधी लागतो त्याचं वेळापत्रक त्यांनी भिंतीवर चिकटवलं होतं. एकदा मी वैतागून म्हटलं, मुंबई-पुण्यात काचेच्या खोल्या असतात म्हणे. तर म्हणाले, "असतील. पण त्यांना कुठं माहीत कुलकर्ण्यांची डाळ कधी शिजते."

ते सकाळी निघायचे, एसटीनं किंवा काळ्या-पिवळ्या जीपनं, आणि दिवस मावळायच्या आत जेवायचे. धर्माबिर्माचं काही बोलायचे नाहीत, पण सूर्य गेला की पाण्याशिवाय काही नाही, ही घरची सवय सुटली नव्हती. खेड्यांत बायांना ते माहीत झालं होतं. पारसभाऊ आले की त्या गावात एका घरी तरी चूल लवकर पेटायची. कॅमेरा उचलायच्या आधी ते प्रत्येक वेळी विचारायचे, "घेऊ का?" समोरचा हो म्हणाला तरी क्षणभर थांबायचे.

हे विचारणं त्यांना एका चुकीनं शिकवलं होतं. बियाण्याच्या फिल्मच्या काही वर्षं आधी त्यांनी टँकरवर फिल्म केली होती. एका म्हातारीनं तिच्यात सांगितलं होतं की टँकर आधी कोणाच्या हौदात रिकामा होतो. पुण्यात फिल्म दाखवली, टाळ्या पडल्या, बक्षिसाची एक पितळी बाहुलीही मिळाली. चारेक महिन्यांनी ती कोणाच्या तरी मोबाइलमधून त्याच गावात पोचली. त्यानंतर टँकर म्हातारीच्या आळीत थांबायचाच बंद झाला. पारसभाऊ धावत गेले, हातापाया पडले. म्हातारी रागावली नाही. एवढंच म्हणाली, "बाबा, म्या तुला सांगितल्तं. तवा तिथं तू एकलाच होतास ना रं?"

ती पितळी बाहुली त्यांनी दाराला अडकण म्हणून लावली. आणि नियम केला, की जो फिल्ममध्ये आहे त्यानं फिल्म आधी बघायची. त्यानं नको म्हटलं तर नको. कारण विचारायचं नाही, दुसऱ्या कोणाला सांगायचं नाही.

पण बघायची कशी? दिवसाउजेडी लॅपटॉपवर काही दिसत नाही. मग तीच सोलापुरी चादर. लॅपटॉप ओट्यावर ठेवायचा, समोर दोन-तीन माणसं मांडी घालून बसवायची आणि सगळ्यांवरून चादर ओढायची. पोरं त्याला चादरीतलं थेटर म्हणायची. पारसभाऊ स्वतः आत बसायचे नाहीत. ते बाहेर उकिडवे बसून चादरीखालून दिसणारे पाय बघायचे. मला म्हणाले होते, "माणूस तोंडानं हो म्हणतो, वैनी. पण पटलं न्हाई की पायाचा अंगठा जमिनीत रुतवतो. आपण अंगठ्याला विचारायचं." मी हसले होते. त्यांनी मात्र अंगठ्यावरून कित्येक प्रसंग कापून टाकले होते.

आता बियाण्याच्या फिल्मबद्दल. केदारखेड्याला एसटीतून उतरून पुढं जीपनं जावं लागतं असं एक गाव आहे, नाव सांगत नाही. त्या भागात कपाशीचं संकरित बियाणं तयार करतात. त्या कामाला सगळे क्रॉसिंग म्हणतात. उद्या उमलणारी कळी आज दुपारून नखानं सोलायची, आतले पुंकेसर काढून टाकायचे, खुणेचा लाल कागद लावायचा. दुसऱ्या दिवशी सकाळी नर फूल आणून त्या कळीवर फिरवायचं. प्रत्येक कळीला हे करायचं, दोन अडीच महिने, रोज. काम नाजूक, झाड कंबरेएवढं, त्यामुळं बारीक बोटांच्या आणि कमी उंचीच्या मजुरांना मागणी. म्हणजे पोरींना. सप्टेंबरात तिकडच्या शाळांत मुलींच्या बाजूचे बाक रिकामे असायचे.

पारसभाऊ तीन हंगाम त्या गावात राहिल्यासारखे होते. आणि फिल्मच्या मधोमध एक बाई होती, तिला मी कौसाबाई म्हणते. तिच्या हाताचं कसब गावात नावाजलेलं. अंगठ्याचं नख मुद्दाम वाढवलेलं, हिरवं-काळं झालेलं. नवरा दादाराव, हसरा गडी, आणि बारा वर्षांची मुलगी अनिता. ही नावंही खरी नाहीत.

मी निवेदन वाचलं, फिल्म तयार झाली, चादरीतलं थेटर ज्याला त्याला त्याचा त्याचा भाग दाखवत घरोघर फिरलं आणि कागदावर हिरव्या खुणा पडत गेल्या. कौसाबाईनं फिल्म पुरी बघितली आणि म्हणाली, "भाऊ, औंदा न्हाई."

औंदा नाही म्हणजे पुढच्या साली असेल, असं आम्हाला वाटलं. पारसभाऊ पुढच्या संक्रांतीला तिळगूळ घेऊन गेले. कौसाबाईनं चहा केला, भाकरी वाढली आणि म्हणाली, औंदा न्हाई. त्याच्या पुढच्या संक्रांतीला तेच. दर जानेवारीत ते गळ्यात लॅपटॉप आणि काखेत चादर घेऊन जायचे आणि संध्याकाळी तसेच परत यायचे. कॅमेरे बदलले, कॅसेटी गेल्या, आमच्या गल्लीत लहान मुलंसुद्धा फिल्म काढायला लागली. ह्यांची फिल्म तिथंच.

तोवर आमच्या जालन्यानं आपला अर्थ लावला. भावाचं दुकान बियाण्याचं, फिल्म बियाण्यावर, आणि फिल्म दिसत नाही. झालं! पारसला गप्प केलं, पारस विकला गेला. एकदा एका सभागृहात त्यांचा सत्कार होता, सूत्रसंचालन माझंच. एक कार्यकर्ता उभा राहिला आणि भर सभेत म्हणाला, "सत्कार कशाचा करून राह्यले? ह्यांनी पोरींचे हाल शूट केले अन् डब्यात घालून ठेवले. कोणाच्या सांगण्यावरून, ते तरी सांगा." सगळे पारसभाऊंकडं बघायला लागले. ते उठले आणि म्हणाले, "परवानगी बाकी हाय." सभागृह हसलं. ते खाली बसले, शालीची घडी नीट केली. माईक माझ्या हातात होता आणि पुढचं नाव मला वाचता येईना, इतकी मी संतापले होते. त्या हसणाऱ्यांवर नाही, ह्यांच्यावर.

त्या दिवशी घरी आल्यावर मी त्यांना फैलावर घेतलं. म्हटलं, तिचा चेहरा झाका, हल्ली सगळे तेच करतात. ते म्हणाले, "चेहरा झाकीन. हात कुठं झाकू? ते नख पंचक्रोशी ओळखते." मी म्हटलं, मग तिला नको असेल तो भाग तेवढा काढा.  पंधरा दिवसांनी त्यांनी मला गच्चीवर बोलावलं आणि एक छोटी आवृत्ती दाखवली. कौसाबाई राबतेय, कौसाबाई दमतेय, कंपनीची गाडी येते, पोरी पाठमोऱ्या रांगेत उभ्या आहेत. बघून माझ्या डोळ्यांत पाणी आलं. मी म्हटलं, हीच दाखवा, ही बघून कोणाचं काळीज हलणार नाही? ते पडद्याकडं बघत म्हणाले, "बराबर हाय. पण पुरं न्हाई." आणि माझ्यादेखत त्यांनी ती पुसून टाकली.

मी दोन महिने त्यांच्याशी बोलले नाही. मला खरंच वाटायला लागलं होतं की हा माणूस स्वतःच्याच नियमाच्या खोड्यात पाय घालून बसलाय आणि ह्याला तिथंच बरं वाटतंय. खोटं कशाला बोलू, त्यात माझाही स्वार्थ होता. त्या फिल्ममधला माझा आवाज आजवर माझा सगळ्यात चांगला आवाज होता आणि तो कोणी ऐकला नव्हता.

गेल्या वर्षीच्या संक्रांतीला मी हट्टच धरला. म्हटलं, मी येते. बाईचं बाईला कळतं, मी पटवते तिला. त्यांनी आढेवेढे घेतले, पण मी हळदीकुंकवाचं वाण, तिळगूळ, सगळं घेऊन स्टँडवर त्यांच्या आधी हजर. केदारखेड्याहून जीपमध्ये आम्ही तेरा माणसं आणि एक शेळी. चादर त्यांनी मांडीवर धरली होती, शेळी तिचा काठ चघळत होती, आणि ते तिला समजावणीच्या सुरात म्हणत होते, "बाई, ते थेटर हाय, खाऊ नको."

कौसाबाई थकली होती. दादाराव जाऊन चार वर्षं झालेली. आम्ही ओट्यावर बसलो, मी कुंकू लावलं, वाण दिलं, आणि मी तोंड उघडणार तेवढ्यात तिनंच विचारलं, "आणलंय का भाऊ?" पारसभाऊंनी मुकाट्यानं लॅपटॉप लावला आणि तिच्यावर चादर टाकली. मला म्हणाले, "बसा तुम्ही बी."

तेव्हा मला कळलं, की गेली चार वर्षं ते नुसते परवानगी मागायला येत नव्हते. आत, त्या निळसर अंधारात, दादाराव बैलं जुंपत होते. बैलाला शिव्या देत होते, हसत होते, कॅमेऱ्याकडं बघून "काय पारसभाऊ, माझा बी फोटू काढता काय" म्हणत होते. कौसाबाई पडद्याच्या इतकी जवळ बसली होती की तिचा श्वास काचेवर उमटत होता. ती हळूच म्हणाली, "मागं घ्या. पुन्हा बैलं." बाहेरून पारसभाऊंचा हात आत आला आणि त्यानं सराईतपणे बैलं परत आणली. दर संक्रांतीला ती एवढंच बघायची आणि एका ठराविक ठिकाणी बस म्हणायची. एवढ्या वर्षांत त्या फिल्मचा प्रेक्षक ही एकटी बाई होती.

एवढ्यात घरातून भांडं पडल्याचा आवाज आला आणि कोणीतरी पळत बाहेर आलं. "आप्पा? आप्पाचा आवाज कुठून येऊन राह्यला?"

अनिता होती. मंठ्याकडं दिलेली, आता पाच वर्षांच्या मुलाची आई. आदल्या दिवशीच अचानक माहेरी आली होती, आणि पारसभाऊंना तिची कल्पना नव्हती. ते नेहमी ती नसेल असाच दिवस बघून यायचे. तिनं चादर उचलली, बापाला बघितलं आणि धपकन आमच्या मध्ये बसली. मी तिला जागा देऊन बाहेर आले. आत माय-लेकी आणि बाहेर आम्ही दोघं, चादरीखालून दिसणारी चार पावलं बघत.

बैलं झाली. पारसभाऊंचा हात फिल्म थांबवायला आत गेला. त्या ठराविक ठिकाणाला. आणि चादरीतूनच कौसाबाईनं त्यांचं मनगट धरलं. "असू द्या भाऊ. चालू द्या."

पुढचं मलाही कधी दाखवलं नव्हतं, ते मी पहिल्यांदाच ऐकलं. तिचाच आवाज, बारा-तेरा वर्षांपूर्वीचा, घट्ट: "लोकं म्हणत्यात बापानं पोरीला शाळेतून काढलं. बापानं न्हाई. त्यो तर न्हाईच म्हणत व्हता. म्या काढलं. माझ्या पोरीची बोटं लई बारीक हायेत, सगळ्या शिवारात तिच्यावानी कळी कोणी सोलत न्हाई. म्या लालचावले. पोरीला वाटतं बापानं केलं, म्या तसंच वाटू दिलं."

मी अनिताच्या पायाकडं बघितलं. अंगठा ओट्याच्या मातीत रुतला होता. मग हळूहळू तो सैल झाला आणि पाऊल नुसतंच पडून राहिलं. आत फिल्म चालूच होती आणि आता माझा आवाज लागला होता, स्वच्छ, भारदस्त, शब्द न् शब्द तोलून उच्चारलेला. मला तो ऐकवेना. कुठंतरी तोंड लपवावं असं झालं.

अनिता बाहेर आली तेव्हा रडत नव्हती. तिनं पडदा पारसभाऊंकडं फिरवला. त्यावर एक लहान मुलगी कपाशीत उभी होती, कळीत अंगठा खुपसून कॅमेऱ्याकडं बघत.

"हे कवा घेतलं?"

"तू बारा वर्षांची होतीस."

"मला इचारलं व्हतं का?"

पारसभाऊ म्हणाले, "न्हाई. तुझ्या आईला विचारलं होतं."

"समदे तिलाच इचारत्यात," अनिता म्हणाली. "शाळेचं बी मला कोणी इचारलं न्हाई. आप्पा दवाखान्यात व्हता तवा म्या दोन दिवस उशिरा आले. मुद्दाम आले उशिरा." एवढं बोलून ती आत गेली.

कौसाबाई चादर डोक्यावरून न काढताच बसून होती. आतूनच म्हणाली, "दाखवा आता, भाऊ. ज्याला दाखवायचं त्याला दाखवा. माझं काय राह्यलं आता." बारा वर्षं ज्या शब्दांसाठी ह्या माणसानं चपला झिजवल्या ते शब्द हे होते. मी पारसभाऊंकडं बघितलं. त्यांनी खिशातून तो कागद काढला, हिरव्या पेनानं कौसाबाईच्या नावापुढं खूण केली, आणि मग सगळ्यांत खाली, कडेला उरलेल्या जागेत, एक नवीन नाव लिहिलं. म्हणाले, "तुमचं झालं, कौसाबाई. हिचं राह्यलं."

अनितानं चहा आणला. आम्हा दोघांच्या हातात कप दिले. आईचा कप तिनं खाली जमिनीवर ठेवला.

परतीच्या जीपमध्ये मी विचारलं, "हे तुम्हाला इतकी वर्षं माहीत होतं? लोक तुम्हाला विकलेला म्हणत होते, मी काय काय बोलले, आणि तुम्ही मला एका शब्दानं सांगितलं नाही?"

"ते तिचं होतं, वैनी. माझं न्हवतं सांगायला." मग म्हणाले, "दादारावला बी माहीत होतं. मी त्याला म्हणलं, पोरीला खरं सांग. तर म्हणला, एकाचा राग आला तर ती दुसऱ्याकडं जाईल, भाऊ. दोघांचा आला तर जाईल कुठं?"

जीप खड्ड्यातून उसळली. ते एकदम हसायला लागले, अगदी डोळ्यांत पाणी येईपर्यंत. म्हणाले, "पोरींवर फिल्म केली. सरपंचाला विचारलं, मास्तरला विचारलं, गाडीच्या डायवरला विचारलं. पोरीलाच विचारायचं राह्यलं. तुम्हाला म्हणत होतो ना पुरं न्हाई? मीच पुरं केलं न्हवतं." मला हसू आलं नाही. मला दिसत होतं की एक दार उघडलं तसं दुसरं लागलं, आणि हे लावलं ह्यांनीच, स्वतःच्या हातानं, हिरव्या पेनानं. खूप राग आला होता आणि तेवढीच त्यांची मायाही आली होती.

उन्हाळ्यात ते गेले. दुपारी जेवून आडवे झाले आणि उठले नाहीत. भावानं पेढ्यांचा डबा माझ्याकडं आणून दिला. वर माझं नाव लिहिलेलं होतं, त्यामुळं मला नाही म्हणता आलं नाही. हे सगळं लिहायच्या आधी मीही मंठ्याला जाऊन आले आणि अनिताला एकूण एक ओळ वाचून दाखवली. ती मन लावून ऐकत होती, मधे एकदा उठून मुलाला अभ्यासाला बसवून आली. म्हणाली, "लिहा. नाव बदला. फिल्मचं मातर आत्ता न्हाई सांगत." तिनं चहा दिला आणि मी परत आले.

पारसभाऊ मला शेवटचे दिसले ते होळीच्या आसपास, जालन्याच्या स्टँडवर. भर दुपार होती. मंठ्याची गाडी लागते तिथं खांबाच्या बारीक सावलीत ते अंग चोरून उभे होते. गळ्यात लॅपटॉप, काखेत ती चादर, एका काठाला शेळीनं चघळलेली. संक्रांतीनंतरची त्यांची ही मंठ्याची तिसरी खेप होती.

"काय म्हणते?" मी विचारलं.

"चहा देते. म्हणते, इचार करून राह्यले."

मी म्हटलं, "म्हणजे पुन्हा तेच. अजून बारा वर्षं!"

"जल्दी कशाची, वैनी," ते म्हणाले. "तिला पहिल्यांदाच कोणी विचारून राह्यलं."

गाडी लागली तसे लोक दाराशी तुटून पडले. ते मागं राहिले, सगळे चढल्यावर चढले. खिडकीशी बसलेल्या बाईला त्यांनी वाकून काहीतरी विचारलं आणि ती हसून सरकली. बसल्यावर त्यांनी चादर उलगडून पुन्हा नीट घडी घातली, मांडीवर ठेवली आणि काचेतून मला हात केला.